दुर्पताबाईने रचलेला ढिगारा

जंगलात मोठ्या जनावराने जिथे माणूस नेला, तिथे आमच्याकडे गोटा ठेवतात. मोठं जनावर म्हणजे कोणतं, ते आमच्या चोरखमारा गावच्या माणसाला सांगावं लागत नाही. बाहेरच्याने समजून घ्यावं. पहिला गोटा घरचे ठेवतात. मग त्या वाटेने जो जाईल तो आपला एक ठेवतो, गोटा सापडला नाही तर हिरवी डहाळी. वर्षं जातात, मेलेल्याचं नाव लोक विसरतात, ढिगारा मात्र वाढत राहतो. गोटा ठेवायचा आणि मागे न पाहता पुढे व्हायचं. ठेवलेला गोटा कधी काढायचा नाही. जो काढेल त्याच्यासोबत ते मेलेलं माणूस निघतं, असं आमचे जुने लोक सांगत आले.

दुर्पताबाई सलामे हा नेम श्वासासारखा पाळते. ती वनखात्याच्या मजुरीवर आहे. उन्हाळ्यातली आग एका बाजूची दुसऱ्या बाजूला जाऊ नये म्हणून हिवाळ्यात जंगलात लांब पट्टे साफ करतात, त्या जाळरेषा. तिथे कोयता घेऊन आम्हा मजुरांत सगळ्यांत पुढे दुर्पताबाई असते. नवरा गेला तेव्हा पोरगी प्राची शाळेत होती. आता प्राची नागपूरला एका कंपनीत बसते, हिंदी-इंग्रजी बोलते, पण घरी आली की उंबऱ्यातच तिची जीभ पुन्हा आमची होते.

मागच्या दिवाळीत ती आली आणि म्हणाली, "माय, पहाडावर येशीन का? नेपाळात. संगं वाटाड्या राहते. दिवसभर चालाचं, अन् संध्याकाळी वाटेवरच्या चहाच्या घरी मुक्काम. जेवण, पांघरूण, सारं तिथंच."

आधी तिच्यासोबत तिची मैत्रीण जाणार होती. तिचं लग्न ठरलं, जागा रिकामी झाली.

"मी कायले येऊ? इथं का चढ कमी आहे?"

"इथला चढ तू सरकारसाठी चढतं. एक डाव आपल्यासाठी चढ ना व."

शेजारची अनुसयाबाई कुंपणावरून म्हणाली, "जा जा. इथं पूस-माघाच्या थंडीत गोधडी सोडत नाही, अन् बाई चालली बर्फात!"

धान कापून झालं होतं, मळणीचा चुरणा बाकी होता. तो दिरावर सोपवून दुर्पताबाई गेली. पुढचं सारं मी तिच्याच तोंडून ऐकलं. जसं ऐकलं तसं लिहितो, माझ्या पदरचं काही घालत नाही.

वाटाड्याचं नाव होतं बुद्धिमान तामाङ. नाव ऐकून दुर्पताबाईला हसू आलं, तोही हसला. "नाम ही है आमा, और कुछ नहीं," म्हणाला. तो तिला आमा म्हणायचा, म्हणजे आईच. ते गोसाईंकुंड नावाच्या तलावाला निघाले होते, महादेवाचं ठिकाण आहे म्हणतात. खाली दाट झाडी होती, ओली, शेवाळ लोंबणारी. तिथे दुर्पताबाईला बरं वाटलं. मग झाडं खुजी झाली, मग झुडपं उरली, मग तीही गेली. ज्या बाईचा जन्म झाडांच्या आडोशाने गेला, तिला त्या उघड्या पहाडावर आपल्याला कोणीतरी पाहून राहिलं आहे असं वाटू लागलं.

आणि तिथे पहिला ढिगारा दिसला.

गोट्यावर गोटा, गुडघ्याएवढा, वाटेच्या कडेला. दुर्पताबाईचे हात आपोआप जुळले. तिने विचारलं, "ये किसका है?"

"सबका है आमा. जो जाता है, एक पत्थर रखता है."

"और नहीं रखा तो?"

"तो पीछेवाला खो जाएगा."

दुर्पताबाईला सारं कळलं. म्हणजे इथेही तेच होतं. गोटा ठेवला नाही तर मागे राहिलेला जीव भटकत राहतो. तिने गोटा ठेवला, मागे पाहिलं नाही. थोडं चढल्यावर दुसरा ढिगारा. मग तिसरा. जिथवर नजर जाई तिथवर थोड्या थोड्या अंतराने गोटे रचलेले. किती माणसं मेली या पहाडावर? आणि लोक त्यांच्यामधून हसत, फोटो काढत चालले होते. काही पोरं तर एका ढिगाऱ्याला टेकून बिस्किटं खात बसली होती.

प्राचीला तिने काही विचारलं नाही. पोरीला वर चढल्यापासून दम लागत होता, डोकं दुखत होतं. आणि मेलेल्यांच्या गोष्टी मेलेल्यांच्या वाटेवर करायच्या नसतात.

तलाव जवळ आला तेव्हा दुर्पताबाई थोडी मागे राहिली, आडोशाला जायचं म्हणून. मोठी वाट डावीकडे वळत होती, उजवीकडे शेळ्यामेंढ्यांची एक बारीक पायवाट फुटली होती. तिथे तिला जोडा दिसला. बाईच्या पायातला लाल कापडी जोडा, एकच, दोन गोट्यांमध्ये अडकलेला. रंग उडालेला, आणि नाडी घट्ट बांधलेली. पायातून जोडा निघतो तो नाडी सोडून. या जोड्याची नाडी बांधलेली होती आणि पाय नव्हता.

आजूबाजूला एकही ढिगारा नव्हता. एवढ्या मेलेल्यांना गोटे मिळाले आणि ही बाई तशीच राहिली, असं दुर्पताबाईच्या मनाने घेतलं. तिने जोड्यावर पहिला गोटा ठेवला, मग दुसरा. आमच्याकडच्या माणसाने अर्धवट काम सोडलं असं होत नाही, तिने गुडघ्याएवढा ढिगारा रचूनच पाठ वळवली. मोठ्या वाटेला लागल्यावर तिला ऐकू आलं, आपल्यासोबत अजून कोणी दम घेत आहे. ती थांबली की ते थांबे. ती चालली की ते चाले. नेमाप्रमाणे तिने मागे पाहिलं नाही.

तलावाकाठच्या चहाच्या घरी प्राची पांघरूण घेऊन चुलीपाशी बसली होती. दुर्पताबाई दारातून आत आली तशी प्राचीने तिच्या खांद्यावरून बाहेर पाहिलं.

"माय, ते बाई कुठं गेली?"

"कोणती बाई?"

"तुह्या मागं मागं येत होती ते. लंगडत."

बुद्धिमान चहा पिता पिता थांबला. "आज पीछे कोई नहीं था, दीदी. हम आखिरी थे."

सकाळी प्राचीला उलट्या झाल्या. बोलताना शब्द घसरत होते. बुद्धिमानने तिच्या डोळ्यांत पाहिलं आणि पुढे जायचा विषयच सोडला. "हवा कम है, दिमाग पर चढ़ गई. अभी नीचे उतरना है. रुकेंगे तो दीदी नहीं बचेगी." जितकं खाली जाऊ तितका जीव वाचेल, एवढंच दुर्पताबाईने धरलं.

बाहेर धुकं होतं. आमच्याकडे तलावावरचं धुकं ऊन आलं की उठतं. हे धुकं बसलेलं होतं. पुढच्या माणसाची पाठ दिसे, पाय दिसत नसत. पुढे बुद्धिमान, त्याचा हात धरून प्राची, मागे दुर्पताबाई. प्राची मधूनच हसत होती, कोणाशी तरी "हो, हो" म्हणत होती.

"कोणासंग बोलून राहिली व?"

"तेच बाई. सांगते का लवकर चाल."

थोडं पुढे बर्फाने गुळगुळीत झालेल्या गोट्यावरून दुर्पताबाईचा पाय सटकला आणि घोटा मुरगळला. बुद्धिमानने प्राचीला एका दगडावर बसवलं, "यहीं बैठना दीदी, हिलना नहीं," म्हणाला, आणि दुर्पताबाईच्या पायाला पट्टी बांधू लागला. पट्टी बांधून दोघांनी वर पाहिलं तर दगड रिकामा होता.

"प्राची! व प्राची!"

धुक्याने हाक गिळून टाकली.

"घबराओ मत आमा," बुद्धिमान म्हणाला. "रास्ते पर ढेरी है. मैंने दीदी को कल ही बताया था, धुंध में ढेरी देखकर चलना. जहाँ ढेरी, वहाँ रास्ता."

"का म्हणलं?"

"पत्थर की ढेरी, आमा. रास्ता दिखाने के लिए ही तो रखते हैं."

दुर्पताबाई मला सांगत होती तेव्हा इथे थांबली. तिने पदराने तोंड पुसलं, पाणी मागितलं, पण प्यायली नाही.

ते ढिगारे मेलेल्यांचे नव्हतेच. ते जिवंत माणसांसाठी होते. मागून येणारा हरवू नये म्हणून. आणि फाट्यावर, शेळ्यामेंढ्यांच्या पायवाटेवर, तिने स्वतःच्या हाताने एक ढिगारा रचून ठेवला होता.

"वो भेड़-बकरी वाली पगडंडी?" तिने सांगितल्यावर बुद्धिमानने विचारलं. "आमा, वो तो आगे टूट गई है. नीचे कुछ नहीं है."

मुरगळलेल्या पायाने दुर्पताबाई धावली. कशी धावली ते तिला आठवत नाही. ढिगाऱ्यामागून ढिगारा मागे टाकत ते फाट्यावर आले. त्या पायवाटेवर धुक्यात काहीतरी उभं होतं, माणसाच्या कमरेएवढं. दुर्पताबाई त्याच्याजवळ गेली. तिने गुडघ्याएवढा रचला होता. खालचे गोटे तिचेच होते, तिला ओळखू येत होते. वरचे तिचे नव्हते.

त्याच्या पलीकडे प्राची खाली वाकून गोटा शोधत होती. सापडला तो उचलून तिने ढिगाऱ्यावर ठेवला आणि दुसरा शोधू लागली. तिची बोटं सोलली होती. तिच्यापासून चार हातांवर पायवाट संपत होती. एक क्षण धुकं फाटलं, आणि दुर्पताबाईला खाली जमीन दिसली नाही.

"पोट्टे, हलू नोको," ती म्हणाली. आवाज चढवला नाही. रानात जनावर समोर असलं की जसं बोलतात तसं बोलली. बुद्धिमानने सरकत जाऊन प्राचीचं मनगट धरलं आणि तिला अलीकडे ओढलं.

"का करून राहिली होती व?"

"गोटे ठेवून राहिली होती." प्राची झोपेतल्यासारखी बोलत होती. "मी पुढं जाऊन राहिली होती तं ते बाई आडवी आली. म्हणे, तुही माय येतपर्यंत ठेव. तुही माय ठेवते ना, तसेच ठेव."

दुर्पताबाईने पोरीला छातीशी धरलं. बुद्धिमानने ढिगाऱ्याकडे पाहिलं, म्हणाला, "इसको गिराना पड़ेगा. नहीं तो शाम तक कोई और इधर आ जाएगा." आणि लाथ मारायला पाय उचलला.

"हात नको लगाओ!" दुर्पताबाई ओरडली. "पाय भी नको."

तिला दोन्ही गोष्टी एकदम दिसत होत्या. ढिगारा राहिला तर कोणाची तरी लेक त्याच्या भरवशावर सरळ चालत जाईल. ढिगारा काढला तर काढणाऱ्यासोबत ती बाई निघेल. आणि बुद्धिमानची घरी दोन लहान लेकरं होती, वाटेत त्याने फोटो दाखवला होता.

"मैंने रखा, मैं निकालूंगी. तू पोट्टीले घेऊन चाल."

तो एकटीला सोडून जाणार नव्हता. तो फाट्यावर प्राचीला धरून उभा राहिला, आणि दुर्पताबाई ढिगाऱ्यापुढे बसली. आधी तिने हात जोडले. मग वरचा गोटा काढून कड्यावरून खाली सोडला. आवाज आला नाही. दुसरा सोडला, तिसरा सोडला. इतके गोटे खाली गेले, एकाचाही पडल्याचा आवाज वर आला नाही. जणू खाली कोणी अलगद झेलून घेत होतं. शेवटी तळाला तो लाल जोडा निघाला. त्याची नाडी सुटलेली होती.

जोडा बुद्धिमानने घेतला. खालच्या गावच्या चौकीत दाखवतो म्हणाला, कोणी ओळखला तर बरं. ते उतरू लागले. खाली उतरताच प्राचीच्या तोंडावर रंग आला, झाडी लागली तशी ती भूक लागली म्हणू लागली. तिला काहीच आठवत नव्हतं. ना बाई, ना गोटे. सोललेल्या बोटांकडे पाहून तिने विचारलं, "माय, मी पडली होती का?"

दुर्पताबाई म्हणाली, "हो. पडली होती."

प्राची आता नागपूरला बरी आहे. दर रविवारी तिचा फोन येतो. तिने डॉक्टरला विचारलं, उंचावर हवा कमी पडली की माणसाला नसलेलं माणूस दिसतं, असं त्याने सांगितलं. दुर्पताबाई ऐकून घेते. बुद्धिमानचाही फोन आला होता. जोडा कोणी ओळखला नाही, त्या बाजूला हरवलेल्या बाईची नोंद नाही.

जाळरेषेच्या कामावर दुर्पताबाई अजूनही आमच्यापुढे असते. पण चालताना ती वाटेची एक बाजू मोकळी सोडते. नाला आला की हळूच हिंदीत म्हणते, "यहाँ पानी है, देखके." आमच्या बायका आधी हसल्या, मग त्यांनी हसणं सोडलं. एक दिवस मीच धीर करून विचारलं, "दुर्पताबाई, कोणासंग बोलून राहिल्या?"

"पाव्हणी आहे," ती म्हणाली. मग लपवायचं काही नाही अशा आवाजात तिने मला सारं सांगितलं, जे मी इथे लिहिलं.

"मंग जाईन कधी?"

"नाव समजलं का जाईन. मेलेल्याले पूजा करून घरच्या देवांत मिळवलं का जीव सुटते, पण मिळवाचं म्हणलं तं नाव घ्या लागते. बिना नावाचं कसं मिळवाचं? माही पोरगी वाचवली तिनं. तशीच कशी ठेवू तिले?"

तेव्हापासून तिने नावं घ्यायला सुरुवात केली आहे. कोयता चालवता चालवता ती थांबते, मोकळ्या बाजूकडे तोंड करून एक नाव उच्चारते आणि कान देते. आपल्याकडची बायांची नावं संपली, तेव्हा तिने प्राचीकडून फोनवर नेपाळची नावं मागवली. काल दुपारी ती कोणतं तरी नाव दोनदा म्हणाली. आमचे सगळ्यांचे कोयते थांबले. पान हललं नाही, पाखरू बोललं नाही. दुर्पताबाई बराच वेळ मान तिरपी करून उभी होती.

मग ती म्हणाली, "नोहे म्हणते," आणि पुढचं झुडूप कापायला वाकली.