पुढच्या सिनेमात आहे तो

इथे परदेशात, गुंगालिनला थंडी वाढली म्हणून काल दुपारी बाबांची लोकरीची शाल काढली. ती पांघरून टीव्ही लावला, डांबरगोळ्यांचा वास नाकात शिरला आणि पडद्यावर नेमका बाबांचा लाडका रशियन नट घोडा दौडवत आला. जग सोडून गेल्यावरही बाबा मला सुखाने सिनेमा बघू देणार नव्हते.

पुण्यात हाच सिनेमा फिल्म क्लबात बघितला होता. सबटायटल्स नव्हती. बाबा रशियन शिकलेले, म्हणून भाषांतराला त्यांना पुढे बसवलेलं, शेजारी मी. पण हे गृहस्थ संवाद सोडून नटाचं चरित्रच सांगत बसले. "हा मूळचा गिरणी कामगार. नाटकात आधी नुसता भाला धरून उभा राहायचा. या घोड्यावरून पडला, तरी दुसऱ्या दिवशी शूटिंगला हजर."

"अहो, पण तो आत्ता बोलतोय काय?" मागून कोणीतरी वैतागून म्हणालं.

शेवटी नटाला गोळी लागली. मला हुंदका आला, तोच बाबा कानाशी लागले, "रडू नकोस. पुढच्या सिनेमात आहे तो."

धड रडूही दिलं नाही. घरी पोचेपर्यंत मी त्यांच्याशी बोलले नव्हते.

काल सबटायटल्स होती. शब्दन् शब्द कळला. गोळी सुटली.

"आई, आर यू क्रायिंग?" लेकीने विचारलं.

"गप बस, बघू दे मला."

तो घोड्यावरून कोसळला. कानाशी कोणी लागलं नाही, आणि या वेळी तो खरंच मेला.