जाळीपाशी उभी राहणारी सरिता

पांढरकवड्याच्या आमच्या शाळेच्या मैदानावर मी चुन्याच्या रेषा आखून घेत होतो, तेव्हा विनोदरावांचा फोन आला. विनोदराव म्हणजे सरिताचे यजमान. "भाऊ, सरिता गेली..." एवढंच ते बोलले. पुढे बराच वेळ फोनमधून नागपूरच्या दवाखान्यातला गलका तेवढा ऐकू येत राहिला. दुपारी तिला घरी आणलं. महागावकडच्या बंजारा तांड्यावरून तिचे वडील आले. गर्दीतून वाट काढत ते माझ्याजवळ येऊन उभे राहिले आणि माझा दंड धरून म्हणाले, "तुमी होता न तिच्या मांगं..."

सरिता आडे आणि मी बॅडमिंटनमधली मिश्र दुहेरीची जोडी. एकत्र आलो ते यवतमाळच्या हॉलमध्ये. ती कॉलेजात नुकतीच आलेली, मी नोकरीच्या शोधात. एकेरीत आम्हा दोघांचीही मजल जिल्ह्यापुरतीच. माझ्या हातात जोर होता पण पाय जड. तिचे पाय जमिनीवर ठरत नसत पण फटका हलका. एक दिवस आमच्या सरांनी दोघांना जाळीच्या एकाच बाजूला उभं केलं. "तुम्ही दोघं मिळून एक खेळाडू बनता," ते म्हणाले. आम्ही हसलो, आणि त्याच आठवड्यात हॉलमधल्या सगळ्या जोड्यांना हरवलं.

मिश्र दुहेरीत बहुधा मुलगी पुढे, जाळीपाशी असते आणि पुरुष मागे. समोरची जोडी फटके मारते तेही मुलीवर. कमजोर बाजू तीच, असं गृहीत धरून. अमरावतीच्या एका सामन्यात असाच एक जोरदार स्मॅश सरिताच्या डोळ्याखाली लागला. गाल टरारून सुजला. मी पंचांकडे जायला निघालो, तर ती म्हणाली, "कायले? मले दिसून राह्यलं न." पुढचाही फटका त्यांनी तिच्यावरच मारला. तिनं रॅकेट छातीशी धरून शटल नुसतं जाळीपलीकडे टाकलं... आणि तो सामना आम्ही जिंकलो.

दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो आला. सुजलेला गाल, आणि शेजारी परका पुरुष, म्हणजे मी. तांड्यावर चर्चा सुरू झाली. तिच्या आईनं, तिच्या याडीनं, जेवण सोडलं. पुढच्या स्पर्धेला तिचे वडील एसटीनं यवतमाळला आले. डोक्याला लाल पागोटं बांधून ते वरच्या पायरीवर बसून होते. सगळा सामना त्यांनी पाहिला आणि संपल्यावर थेट माझ्याकडे आले.

"हे समोर उभी राह्यते, अन् तुमी मांगं?"

"हो, काका."

"हिच्यानं सुटलं तवाच तुमच्याकडं येते?"

"हो."

"म्हंजे पयले सारं हिच्याच भरोशावर हाय," ते म्हणाले. "मंग खेळू द्या." तांड्यावर त्यांनी लोकांना काय सांगितलं ते सरितानं मला कधी सांगितलं नाही. पण त्यानंतर तिच्या पिशवीत याडीच्या हातची भाकर आणि ठेचा असायचा, दोघांना पुरेल एवढा.

आम्ही राज्य स्पर्धा जिंकली. राष्ट्रीय स्पर्धेत उपांत्य फेरीपर्यंत गेलो. तिथून पुढे माझे पाय मला नेत नव्हते, हे आम्हा दोघांनाही दिसत होतं. त्याच सुमारास हैदराबादच्या एका अकादमीनं तिला बोलावलं. एकटीला. तिथला एक तरणाबांड खेळाडू जोडीदार शोधत होता. हे सांगायला ती मुद्दाम पांढरकवड्याला उतरली, तिथं मला शाळेत नोकरी लागली होती. महामार्गावर ट्रकवाल्यांच्या चहाच्या टपरीवर आम्ही बसलो.

"तिथं मले दुसऱ्यासंग खेळा लागते, भाऊ."

"मंग खेळ."

"तुमाले राग आला काय?"

"आला," मी म्हणालो.

"मलेबी आला. माह्यावरच..." तिनं ओढणीनं डोळे पुसले. हैदराबादची गाडी आली तेव्हा तिची पिशवी मीच वर चढवली.

ती परदेशात खेळायला लागली. एका अंतिम सामन्यात मी तिला शाळेच्या स्टाफरूममध्ये मोबाईलवर पाहिलं. सारे शिक्षक माझ्याभोवती गोळा झालेले. ती हरली. पण मागच्या खेळाडूकडे वळूनही न बघता जाळीपाशी ज्या विश्वासानं ती उभी होती, तो विश्वास पाहून मला बरं वाटलं. तो आमच्या यवतमाळच्या हॉलमध्ये घडला होता.

पुढे खांदा निकामी झाला आणि ती परत आली. लग्न झालं, पांढरकवड्यातच घर केलं. इथल्या हॉलमध्ये आम्ही दोघं मिळून मुलांना शिकवू लागलो. मग आजार निघाला. उपचारांनी केस गेले, वजन गेलं. उन्हाळ्याच्या शेवटी एका सकाळी ती रुमाल बांधून हॉलमध्ये आली. "एक गेम, भाऊ," म्हणाली. समोर आमचीच विद्यार्थिनी पूजा आणि तिचा जोडीदार. पोरं बिचकून शटल अलगद देऊ लागली. चार-दोन गुण झाले असतील, सरितानं रॅकेट खाली टाकली.

"पूजा, माह्यावर मारायचं शिकवलं होतं न मी तुले? मंग मार!"

पूजा रडवेली झाली. पण मारलं तिनं, सगळ्या ताकदीनं. सरिताला ते अडवता आलं नाही. शटल तिच्या दंडाला लागून खाली पडलं. ती दंड चोळत हसली आणि म्हणाली, "हां. आता खेळून राह्यली तू." आम्ही तो गेम हरलो. तिच्यासोबतचा माझा शेवटचा.

तिची चौदावी झाल्यावर मी हॉल पुन्हा उघडला. ऑक्टोबरचं ऊन पत्र्यावर तापलेलं, आत पाऊल टाकताच अंगाला घाम. खेळ चालू असताना पंखा लावायला सरिताची सक्त मनाई असे. वाऱ्यानं शटल हलतं, अन् मग पोरं आपल्या चुका वाऱ्यावर ढकलतात, असं तिचं म्हणणं. यावरून पोरं तिच्याशी रोज भांडायची. ती पाणी प्यायला बाहेर गेली की कोणीतरी हळूच बटण दाबायचं. त्या दिवशी पोरं घामानं निथळत खेळत होती. अडवायला कोणी नव्हतं, आणि तरी पंखे बंद होते. मला त्यांची दया आली. मी बटणापाशी गेलो, हात वर केला... पूजानं खेळता खेळता माझ्याकडे एकदा पाहिलं. मी हात खाली घेतला आणि रॅकेट उचलून कोर्टवर गेलो.