खिरापत ओळखा

ठाण्याला एका ऑफिसात मी तक्रारींच्या काउंटरवर बसते. लोक येतात, काचेवर बोटं आपटतात, माझ्या सात पिढ्यांचा उद्धार करतात, आणि मी म्हणते, "बसा ना सर, पाणी घ्या, बघूया आपण काय करता येतं." पगारच त्याचा मिळतो मला. साहेब नव्या पोरापोरींना माझ्याकडे बोट दाखवून सांगतात, शांत कसं राहायचं ते या मॅडमकडून शिका. आणि संध्याकाळी डोंबिवलीला घरी पोचले, की माझ्या मुलीच्या ओठाच्या कडेला जरा लालसर दिसलं तरी माझा आवाज गच्चीपर्यंत जातो. आम्ही पहिल्या मजल्यावर राहतो.

मुलीला शेंगदाण्याची अ‍ॅलर्जी आहे. आपलं स्वयंपाकघर ज्याला माहीत आहे, त्याला पुढचं सांगायला नको. कोशिंबिरीत कूट, भरल्या वांग्यात कूट, काकडीत कूट, काहीच सुचलं नाही तर चटणी. आमच्या घरातून मी तो डबाच हद्दपार केला. नवरा कोकणातला, त्याचं नारळावर भागतं, पण उपासाच्या दिवशी बिनकुटाची खिचडी समोर आली की तो ताटाकडे असा बघतो, जणू घरात कुणीतरी गेलंय. बघू दे. मी दुसरं करून देत नाही.

मुलगी पहिलीत असताना ठाकुर्लीला एका मैत्रिणीच्या वाढदिवसाला गेली होती. सँडविचच्या हिरव्या चटणीत दाणे होते. मी न्यायला गेले तेव्हा तिच्या गळ्यावर, हातांवर गांधी उठल्या होत्या, डोळे सुजून बारीक झाले होते, आणि श्वास घेताना शिटी वाजत होती. रिक्षात बसल्यापासून हॉस्पिटलच्या दारापर्यंत मी ओरडत होते. रिक्षावाल्यावर, सिग्नलवर, आणि सगळ्यात जास्त तिच्यावर. "कशाला खाल्लंस? विचारल्याशिवाय तोंडात काही घालायचं नाही, किती वेळा सांगितलं? मरायचंय का तुला?" हो, हे मी म्हणाले. श्वास लागलेल्या, एवढ्याशा पोरीला.

ती बरी झाली. डॉक्टरांनी मांडीत टोचायचं इंजेक्शन लिहून दिलं, संत्र्यावर टोचून टोचून माझ्याकडून सराव करून घेतला आणि मग म्हणाले, "ताई, एक सांगतो. मूल औषधाकडे बघत नाही, तुमच्या तोंडाकडे बघतं. तुम्ही घाबरलात की ते दुप्पट घाबरतं. शांत राहा." मी म्हटलं, हो डॉक्टर. आणि लिफ्टमध्ये शिरल्या शिरल्या नवऱ्यावर डाफरले, ते बोलत असताना तू मान कशाला डोलावत होतास म्हणून. मुलगी आमच्या दोघांच्या मध्ये उभी होती. लिफ्टचे आकडे बघत होती.

तिचं नाक मात्र विलक्षण आहे. मानपाड्याच्या बाजूला कंपन्या आहेत, वारा फिरला की आमच्या बाल्कनीत कसकसले वास येतात. बाकीच्यांना नुसतं नाक दाबायचं कळतं. ही सांगते, आज कालच्यासारखा नाही, आज जळक्या रबराचा आहे. सुट्टीच्या दिवशी जिना चढतानाच सांगते, समोरच्या आजींनी आज हिंगाची फोडणी दिलीय. तिच्या या आजी म्हणजे माझ्या समोरच्या काकू, साठी ओलांडलेल्या, एकट्या राहतात, आवाज कधी चढत नाही. माझं ऑफिस सुटेपर्यंत मुलगी त्यांच्याकडेच असते, म्हणून त्या इंजेक्शनचा एक पाऊच आमच्या घरी आणि एक त्यांच्या फ्रिजवर.

नवरात्रात आमच्या बिल्डिंगमध्ये भोंडला असतो. खाली पार्किंगमध्ये गाड्या हलवून जागा करायची, पाटावर तांदळाचा हत्ती काढायचा, मुलींनी फेर धरायचा. गाणी बायकांना अर्धी येतात, मुलींना तेवढीही नाहीत. मुलींचा जीव अडकलेला असतो शेवटच्या खेळात. रोज एका घरून झाकलेला डबा येतो, त्यात खिरापत. डबा हलवून वाजवून दाखवायचा, आणि मुलींनी ओरडायचं, गोड का तिखट? ओलं का सुकं? जिला ओळखता येईल ती राणी. ओळखेपर्यंत झाकण उघडायचं नाही.

आता मला सांगा, दाण्याची अ‍ॅलर्जी असलेल्या मुलीच्या आईने हा खेळ कसा बघायचा? त्यातून नवरात्र, घराघरांत उपास, आणि उपास म्हणजे शेंगदाणा. मी काय करायची, दुपारीच ज्यांची पाळी असेल त्यांना फोन लावायची. "अहो, आज काय केलंय? त्यात दाणे नाहीत ना? नक्की? मिक्सर धुतला होता?" बायका सांगायच्या. काही कौतुकाने, काही नाक मुरडून. एकीने तर मला ऐकू जाईल अशा आवाजात म्हटलं, "खिरापतीची नाही, आमची झडती घेते ही." घेते. घेणारच.

मग मी मुलीला खाली जायच्या आधी सांगून ठेवायची, आज शेवया आहेत, चालतील. आज मिसळ आहे, हात लावायचा नाही. साहजिकच ती फेराच्या कडेला गप्प उभी राहायची. सगळ्या ओरडतायत, चिवडा, वडी, शंकरपाळे, आणि हिला आधीच ठाऊक. चुकून तोंड उघडलंच तर दुसऱ्या मुली तिला ढकलून म्हणायच्या, "तू नको बोलू, तुला तुझी मम्मी सांगते." एकदा रडत वर आली. म्हणाली, "आई, तू मला सांगू नको ना. मी खाणार नाही, प्रॉमिस. मी फक्त ओळखीन."

मी कबूल झाले. तिला सांगायचं बंद केलं. फोन मात्र चालूच ठेवले.

मागच्या वर्षी मी ठरवूनच टाकलं होतं, या नवरात्रात आवाज चढवायचा नाही. काउंटरवर जमतं ते घरी का जमू नये? तर चौथ्या मजल्यावरच्या सुनेची पाळी होती. नवीनच लग्न झालेली, गोड मुलगी. फोनवर म्हणाली, "ताई, राजगिऱ्याचे लाडू केलेत. नुसता राजगिरा आणि गूळ. मुद्दाम तुमच्या पिल्लूसाठी." माझं काळीज हललं. इतकी वर्षं सगळ्यांना त्रास देतेय, आणि ही पोरगी मुद्दाम करतेय.

संध्याकाळी डबा हलवला, तर धड वाजेना. लाडू ठासून भरलेले. मुलींचं सगळं सांगून झालं, एकीलाही येईना. माझी पुढे झाली. डोळे मिटून डब्याच्या कडेला नाक लावलं आणि म्हणाली, "गूळ आहे. राजगिरा आहे. लाडू आहेत." टाळ्या झाल्या! पहिल्यांदा राणी झाली ती. सुनेने झाकण काढलं, पहिला लाडू तिच्याच हातात दिला. पोरीने तो नाकाशी नेला, आणि तिचा चेहरा बदलला.

"आई," ती म्हणाली, "याच्यात दाण्याचा पण वास आहे."

सगळ्या बायका माझ्याकडे वळल्या. सुनेचा चेहरा एवढासा झाला. आणि मी हसले. काउंटरवर हसते ना, तसंच. म्हटलं, "नाही गं राणी, मी विचारलंय. नाहीत दाणे. खा तू."

ती माझ्याकडे बघत राहिली. मी मान हलवली, शांतपणे. तिने खाल्ला.

आपण किती बदललो, या आनंदात मी तिथे उभी होते. शेजारणीशी बोलत होते, तिच्या नव्या पडद्यांबद्दल. मुलगी दिसेना हे माझ्या लक्षातही आलं नव्हतं. मग समोरच्या काकू जिन्यावरून खाली आल्या, नेहमीच्याच चालीने, माझ्या कोपराला हात लावून हळूच म्हणाल्या, "जरा वर ये. पाऊच मी काढून ठेवलाय."

वर जाताना जिन्यात त्यांनी सांगितलं. मुलगी तोंडात खाज सुटल्याबरोबर त्यांना शोधत वर गेली होती. माझ्या शेजारून गेली होती, माझ्या ओढणीला तिचा हात लागला असेल इतक्या जवळून. काकूंना म्हणाली, "आजी, मला होतंय. पण आईला तुम्ही हळू सांगा. ती ओरडली की माझा श्वास अजून अडकतो. आणि तिनेच खा म्हटलं, म्हणून तिला खूप वाईट वाटेल."

एवढीशी पोर. गळा बंद होत आलेला, आणि ती माझी सोय बघत होती.

काकूंच्या स्वयंपाकघरात ती भिंतीला टेकून बसली होती. गळ्यावर गांधी, ओठ सुजलेला, श्वासाला तीच शिटी. मला बघितल्याबरोबर तिने आधी हात वर केला, थांब म्हणतात तसा. माझ्या आवाजाला थांबवायला. मी तोंड उघडलं नाही. इंजेक्शन काढलं, संत्र्यावर केलं होतं तसंच मांडीत टोचलं. मग तिच्या जवळ बसले आणि म्हटलं, "झालं. आता रिक्षा. मी आहे." माझाच आवाज मला ओळखू येईना. काकू रिक्षा थांबवायला आधीच खाली गेल्या होत्या. रिक्षात मी तिचा हात धरून बसले आणि वाटभर एक शब्द बोलले नाही, कारण बोलले असते तर ओरडलेच असते.

हॉस्पिटलमध्ये सलाईन लागलं, मास्क लावला, आणि हळूहळू शिटी कमी झाली. नवरा ऑफिसातून थेट तिथे आला. त्यानेच फोनवर चौकशी केली. लाडू वळले जाईनात म्हणून सुनेच्या सासूबाईंनी वरून मूठभर कूट घातला होता. सुनेला पत्ताच नव्हता. ती फोनवर हुंदके देत होती, आणि मला तिच्यावर रागावता येईना. कसं येणार? तिला माहीत नव्हतं. मला तर माझ्या मुलीने तोंडावर सांगितलं होतं, सगळ्यांदेखत, स्वच्छ मराठीत. मी तिचं ऐकलं नाही, कारण मी शांत राहण्यात गुंतले होते. बायकांसमोर, सुनेसमोर, आपण किती सुधारलो ते दाखवण्यात. ओरडून मी तिला घाबरवलं, आणि हसून मी तिला विष खायला घातलं. नवरा म्हणतो, असं बोलू नकोस. मग कसं बोलू?

मास्क काढल्यावर तिने पहिलं काय विचारलं असेल? दुखतंय नाही, घरी कधी जायचं नाही.

"आई, मग माझं बरोबर होतं ना? दाणे होते ना?"

"हो राणी. तुझं बरोबर होतं. माझं चुकलं."

तिने थोडा विचार केला. "मग मी पूर्ण ओळखली खिरापत," म्हणाली, आणि समाधानाने डोळे मिटले. मी बाहेर पॅसेजमध्ये जाऊन पाण्याच्या कूलरपाशी रडले.

या वर्षी आमच्या घरची खिरापत होती. काय करायचं ते तिने ठरवलं, डबाही तिनेच हलवला, मैत्रिणींना भरपूर छळलं. बाकीच्या दिवशी मी अजूनही दुपारी फोन करते, तिला सांगून करते. हातात खिरापत पडली की ती नाकाशी नेते. पण अजूनही, वास घेऊन झाला तरी, खायच्या आधी ती क्षणभर माझ्या तोंडाकडे बघते. तिच्या नाकाला माझी परवानगी लागते, ती सवय मीच लावलीय. मी ना हसते, ना मान हलवते.

"तू सांग," एवढंच म्हणते. आणि ती सांगेपर्यंत थांबते.