मिलकाबाईंच्या दारावरची डबी

समोरच्या मिलकाबाई ज्यू आहेत. त्यांच्या दाराच्या चौकटीवर बोटाएवढी पितळी डबी तिरकी ठोकलेली आहे. आत प्रार्थनेची गुंडाळी असते. घरात शिरताना बाई डबीला बोटं लावतात आणि ती बोटं ओठांना टेकवतात. नव्या कुरिअरवाल्यांना मात्र ती हमखास बेल वाटते.

काल असाच एकजण ती दाबत उभा होता. "अहो, ती बेल नाही," मी म्हटलं. आवाज ऐकून बाई बाहेर आल्या, हात गूळ-खोबऱ्याने माखलेले. सणाच्या मलिद्यासाठी पोहे कालवत होत्या. तो ओशाळला.

"दाब रे, खुशाल दाब," त्या म्हणाल्या. "ज्याला ऐकू जायचं त्याला जातं."

त्यांची मुलं इस्रायलला गेली, त्या गेल्या नाहीत. एकट्या बाईंमागे या रीतींचं कसं होणार, अशी काळजी मी उगाच करत आलो. दार बंद झाल्यावर मी डबी नीट पाहिली. शेजारची पितळी कडी पार काळवंडली आहे. डबी मात्र लखलखते आहे. एकट्या बाईंच्या बोटांनी पितळ एवढं उजळत नाही.