हात पुढे कर

दोह्यात अबू हमूर भागातल्या आमच्या कंपाउंडमधून कुणीही कुठेही निघालं, की शैलाकाकू दारात उभ्या. एका हातात दह्याची वाटी, दुसऱ्यात चमचा. "यल्ला, चल, हात पुढे कर," म्हणायच्या आणि तळहातावर दही-साखर घालायच्या. परीक्षेला निघालेली मुलं, मुलाखतीला निघालेले नवरे, सुट्टीला भारतात निघालेली कुटुंबं, यात नवल काही नाही. पण ड्रायव्हिंग टेस्टला जाणारी मी सुटले नाही, गॅस सिलिंडर देऊन परत निघालेला नेपाळी माणूस सुटला नाही, आणि एकदा तर मीटर बघायला आलेले एक सुदानी गृहस्थही सापडले. त्या बिचाऱ्यांनी ते क्रीम समजून दोन्ही हातांना नीट चोळलं. काकू म्हणाल्या, "असू दे. पोचलं."

काकू नाशिकच्या. काका गॅस प्लांटवर इंजिनिअर होते आणि त्यांची एकुलती एक मिनू शाळेत जायच्या आधीपासून ही मंडळी दोह्यात होती. दह्याचं विरजण काकूंनी नाशिकहून स्टीलच्या डबीत आणलेलं. उन्हाळ्यात त्या भारतात गेल्या की ते माझ्या फ्रिजमध्ये मुक्कामाला यायचं. जाताना सूचना इतक्या, की मूल सांभाळायला दिल्यासारखं वाटावं. "मिनूला एकटी ठेवीन एक वेळ," त्या म्हणायच्या, "याला नाही."

दही घालताना त्यांची नजर मात्र वाटीवर नसायची, समोरच्या हातावर असायची. कोण हाताची ओंजळ करतो, कोण दोन बोटं पुढे करतो, कोण दुसऱ्या हाताने मोबाईल बघतो. माणसाबद्दलचं त्यांचं मत तिथेच ठरायचं आणि मग देव आला तरी बदलायचं नाही. आमच्या एका शेजाऱ्यांबद्दल त्या कायम म्हणत, "हुशार आहेत, पण हात पुढे करताना कोपर अंगाला चिकटलेलं असतं." ते गृहस्थ पुढे आम्हा सगळ्यांनाच जड गेले, हे मला मान्य करावं लागतं.

त्या वर्षांत सगळं दोहा खणून ठेवलेलं होतं. फुटबॉलचा वर्ल्डकप यायचा होता. काल उजवीकडे वळलेला रस्ता आज डावीकडे वळायचा, मॉलला जायला निघालेला माणूस विमानतळावर पोचायचा. आम्ही वैतागायचो. काकू मागच्या सीटवर शांत. "चिडता काय? या देशाचं सध्या लग्नघर झालंय. मांडव उभा राहीपर्यंत असंच चालायचं."

आणि मग त्यांच्याच घरात लग्न निघालं. मिनू एका स्टेडियमच्या कामावर आर्किटेक्ट होती. त्याच कामावरच्या एमरे नावाच्या तुर्की इंजिनिअरशी लग्न करायचं आहे, असं तिने एका संध्याकाळी जेवता जेवता सांगून टाकलं. काकू ओरडल्या नाहीत, रडल्या नाहीत. दुसऱ्या दिवसापासून त्यांनी मिनूच्या हातावर दही घालणं बंद केलं, एवढंच. माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून त्यांचं दार दिसायचं. मिनू रोज सकाळी बॅग खांद्याला लावून दाराशी क्षणभर थांबायची, आत बघायची आणि निघून जायची. ते बघून मला माझा चहा गोड लागेना.

"ताई, आय कान्ट लिव्ह लाईक धिस," मिनू मला म्हणाली. "नजमा एरियात एक फ्लॅट बघितलाय. आईने असंच चालवलं, तर महिनाअखेरीला मी जाणार." मिनू बोलते ते करते, हे आईकडूनच आलेलं. मी घाबरून काकूंकडे गेले.

त्या मेथी निवडत होत्या. मी धर्माचा विषय कसा काढावा याची जुळवाजुळव करत होते, तर त्याच म्हणाल्या, "धर्माचं मी देवाशी बघून घेईन. पण घर कसं आहे ते नको कळायला? नाशिकचा मुलगा असता तर चार ठिकाणी चौकशी केली असती. तुर्कस्तानात माझं कोण बसलंय विचारायला?" मग मेथीची जुडी बाजूला सारून म्हणाल्या, "ते समुद्राकाठी नाचाचं काहीतरी आलंय ना त्यांचं? पोस्टर बघितलं मी. तिकीट काढ. मुलगा नंतर, आधी देश बघू."

अशा रीतीने मी एका अख्ख्या देशाच्या बघण्याच्या कार्यक्रमाला गेले. काकू काठपदराची साडी नेसून, केसांत इथल्या दुकानातला महागडा गजरा माळून आल्या होत्या. मिनूला बरोबर घ्यायचं नव्हतं. कतारा नावाच्या कलाग्रामातल्या खुल्या नाट्यगृहात दगडी पायऱ्यांवर बसायचं होतं, मागे समुद्राचा वारा, आणि काकूंनी पर्समधून दोन्ही चष्मे काढून मांडीवर ठेवल्या.

आधी ढाल-तलवारी घेतलेले पुरुष आले आणि एकमेकांच्या ढालींवर दणादण वार करू लागले. "भांडखोर दिसतात," काकू म्हणाल्या. मग काळ्या कपड्यांतली माणसं हातात हात गुंफून रांगेत आली आणि त्यांचे खांदे इतके भराभर थरथरू लागले, की काकूंनी काळजीने विचारलं, "हुडहुडी भरली की काय यांना?" तिसऱ्या नाचात रांगेच्या टोकाचा माणूस रुमाल फिरवत होता. तो रुमाल त्यांनी लांबचा चष्मा लावून पाहिला. "इस्त्रीचा आहे," म्हणाल्या. देशाच्या बाजूने ती पहिली नोंद.

मग दिवे मंद झाले आणि एक मोठा ढोल आणि त्याच्यावर तार सुरात एक वाद्य वाजू लागलं. काकू ताठ झाल्या. "सनई!" सनई नव्हती ती, झुर्ना म्हणतात, असं निवेदकाने इंग्रजीत सांगितलं. पण काकूंचा पदर खांद्यावर आपोआप सारखा झालेला होता. हातांत मेणबत्त्या घेतलेल्या मुली आल्या, आणि मधे लाल ओढणीने चेहरा झाकलेली नवरी. निवेदक सांगत होता आणि मी काकूंच्या कानात मराठी करत होते. लग्नाच्या आदल्या रात्रीची मेंदी. मैत्रिणी भोवती फेर धरतात. सासू मेंदी लावायला येते, पण नवरी मूठ मिटून बसते. उघडतच नाही.

"का?" काकूंनी विचारलं.

"रुसते. सासूने मनधरणी करायची. तळहातावर सोन्याचं नाणं ठेवलं की मगच मूठ उघडायची."

रंगमंचावर सासू झालेली बाई आली, नवरीसमोर गुडघ्यांवर बसली. मूठ मिटलेली. सासूने हात कुरवाळला, हनुवटीला हात लावला. मूठ मिटलेली. ढोल थांबला. नवरीची बोटं किंचित हलली, आणि माझ्या शेजारून खणखणीत आवाज आला, "उघडू नको गं एवढ्यात!"

पुढच्या दोन रांगा वळून बघू लागल्या. नवरीला मराठी कुठलं येणार, पण आवाज ऐकून तिने मूठ खरंच पुन्हा घट्ट केली. लोक हसले, टाळ्या पडल्या. काकू उभ्याच होत्या. मी त्यांना पदराला धरून खाली बसवलं, तेव्हा त्यांचे डोळे भरून आलेले दिसले.

परतताना डायव्हर्जनमध्ये आम्ही अडकलो आणि तिथे त्या बोलायला लागल्या. "माझ्या लग्नात चहा गार दिला म्हणून विहीणबाई रुसल्या. माझी आई परातीत त्यांचे पाय धूत होती आणि हात जोडून चुकलं चुकलं म्हणत होती. भर मांडवात. मी मुंडावळ्या बांधून समोर बसलेली. मला कोण विचारतंय रुसलीस का म्हणून? सासूबाई पुढे वागल्या चांगल्या, त्यांना नावं ठेवत नाही. पण आईची ती वाकलेली पाठ माझ्या डोळ्यांपुढून जात नाही." गाडी जरा पुढे सरकली तशी म्हणाल्या, "यांच्याकडे सासू वाकते गं."

मी शंकेखोर. म्हटलं, "काकू, तो खेळ होता. स्टेजवर सगळ्याच सासवा वाकतात."

"आपल्याकडे स्टेजवरसुद्धा वाकत नाहीत," त्या म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी खिडकीत मुद्दाम उभी राहिले. मिनू दाराशी थांबली. आतून चमच्याचा आवाज आला. "हात पुढे कर. आणि शुक्रवारी त्याला जेवायला बोलाव." मिनू दह्याचा हात तसाच घेऊन आईच्या गळ्यात पडली आणि काकूंचा गाऊन खराब झाला, त्यावरून तिला बोलणीही बसली.

एमरे आला तो उंच, संकोची, भुवया जाड असलेला मुलगा. मठ्ठ्याचे तीन पेले प्यायला आणि खुशीत येऊन म्हणाला, की योगर्ट हा शब्द मूळचा तुर्की आहे. मिनूने भाषांतर केलं. काकू म्हणाल्या, "शब्द तुमचा असेल. विरजण माझं आहे." निघताना त्याला वाटीपुढे उभं केलं. "हात पुढे कर." त्याने दोन्ही हातांची ओंजळ केली. काकूंनी माझ्याकडे नुसतं पाहिलं. ते मराठी वाक्य त्याने दारातच दोनतीनदा घोकून पाठ केलं.

लग्नाची नोंदणी इस्तंबूलला झाली, पण मेंदी मात्र काकूंनी हट्टाने आमच्या कंपाउंडच्या हॉलमध्ये करवून घेतली. एमरेची आई नेरमीन हातात नाणं घेऊन गुडघ्यांवर बसली आणि इंग्रजी शाळेत वाढलेल्या आमच्या मिनूने, "ओह, थँक यू!" म्हणत चटकन तळहात पुढे केला. काकू धावत गेल्या आणि आपल्या हातांनी तिची बोटं मिटून टाकली. "आई, इट्स रूड!" मिनू कुजबुजली. "गप्प बस. त्यांना वाकू दे जरा," काकू म्हणाल्या. नेरमीनला शब्द कळले नाहीत, पण मतलब बरोबर कळला. ती हसत हसत आणखी खाली वाकली. मग काकूंनीच तिला दंडाला धरून उठवलं आणि शेजारी बसवून घेतलं.

स्टेडियम तयार झाली, रस्ते एकदाचे सरळ झाले, आणि सगळं जग इकडे यायला निघालं त्या सुमाराला काकांचा करार संपला. काकू परत निघाल्या. मिनू इथेच राहणार होती. विरजण त्यांनी मला दिलं आणि या वेळी सूचना एकही दिली नाही, त्यामुळे मला जास्तच रडू आलं.

विमानतळावर काका ट्रॉली शोधायला गेले. काकू गाडीजवळ तोंड फिरवून उभ्या होत्या. मिनूने हात धरायला पाहिलं, तर त्यांची मूठ घट्ट मिटलेली. आयुष्यभर लोकांना वाटेला लावणाऱ्या बाईला स्वतः निघणं जमत नव्हतं. मिनू रडायला लागली. मी काहीतरी बोलायचं म्हणून विमानाच्या वेळेचं बोलले.

एमरेने गाडीची डिकी उघडली. आतून प्लॅस्टिकचा छोटा डबा काढला, झाकण उघडलं. दही होतं, वर साखर. चमचा विसरला होता. तो काकूंच्या समोर आला आणि तिथेच, लोकांच्या बॅगांच्या मधे, एक गुडघा टेकून बसला.

"आई," तो म्हणाला, "हात पुढे कर."

काकूंनी बराच वेळ त्याला तसंच बसू दिलं. मग मूठ उघडली. त्याने बोटाने दही घातलं, त्यांनी ते खाल्लं आणि हात साडीला न पुसता तसाच त्याच्या डोक्यावर ठेवला.

आत जाताना, त्यांना हसवावं म्हणून मी हळूच म्हटलं, "काकू, जावयाला व्याकरण शिकवायचं राहिलं हो. सासूला 'करा' म्हणतात. 'कर' तर आईला म्हणतात."

"ठाऊक आहे मला," काकू म्हणाल्या. "तू त्याला सांगू नकोस."