वार्निश लावलेली भुलाबाई

सरक इकडं पोरी, जवळ बस. हे पत्र वाचतानी तरी बस. फोनवर काय म्हणत होती तू? "मावशी, एवढा मोठा कलाकार तुह्या घरी येऊन गेला, अन् तू सांगितलं नाई!" सांगण्यासारखं असतं तं सांगितलं नसतं का वं? लोकं मोठा म्हणते म्हणून तूही म्हणत सुटली. आता ऐक.

नालवाडीत तेव्हा नुकते कुठं घरोघरी फोन लागत होते. हा आला, हिंगणघाटच्या कापडवाल्याचा पोरगा, मुंबईत शिकलेला. चित्र काढते, नाचते, गाते, व्हिडिओ घेते. म्हटलं, यातलं एखादं तरी धड येते का? तं म्हणे, "मावशी, मी माझी मुळं शोधतोय. तुमची भुलाबाई हवी." घरी कोणी बसवत नाई का, विचारलं. "आत्या बसवते. पण तिची बाजारातली. मला अस्सल पाहिजे." घ्या! मुळं शोधाले निघाला, अन् सख्ख्या आत्याले ओलांडून आला.

भुलाबाई म्हणजे महिनाभर माहेरी आलेली लेक. पवनारच्या नदीची माती आणून मी तिची मूर्ती सोता घडवत होती. कोजागिरी झाली का दुसऱ्या दिवशी तिले पाण्यात सोडाचं, सासरी धाडाचं. ठेवून घेतली तं घरच्या लेकी सुखानं नांदत नाई, असं माही माय म्हणे. अन् त्याच वर्षी माही पोट्टी नवीनच सासरी गेलती. तरी दिली मी. हात जोडले त्यानं, कोजागिरीले परत आणतो म्हणे.

कोजागिरी झाली, हा नाई आला. दुसऱ्या दिवशी आम्ही चौघीजणी ऑटोनं वर्ध्याले, त्याच्या प्रदर्शनात. तिथं हा डोळे मिटून भुलाबाईचं गाणं म्हणून राह्यला होता, कोणाची मयत उठवल्यासारखं. हातात खाऊचा डबा. गाणं झालं का डबा हलवाचा, अन् पोरींनी आवाजावरून खाऊ ओळखाचा, तुले ठाऊकच हाय. त्यानं हलवला. समोरचे इस्त्रीचे कपडेवाले माना डोलवाले लागले. माही शेजारीण मांगून ओरडली, "अवं माय, हे तं गोटे हायेत!"

उघडला, तं खरंच गोटे. म्हणे, "आवाज चांगला येतो."

"पोरीबाळीले गोटे चारतं का रे बाप्पा?" ती म्हणे.

माही भुलाबाई काचेच्या पेटीत बसवली होती. मी मागितली, तं म्हणे, "मावशी, ती आता कलाकृती आहे."

"मंग तुह्या आत्याले ठेव पेटीत," म्हटलं, अन् पेटी उघडून पदरात घेतली. लोकं टाळ्या वाजवाले लागले! त्याईले वाटलं, हाही खेळातलाच भाग.

घरी आणून बादलीत सोडली. एक तास झाला, दोन झाले, विरघळंना. मेल्यानं वार्निश फासलं होतं, टिकावी म्हणून. नखानं खरवडलं, काथ्यानं घासलं, लहान पोरीचं आंग चोळावं तसं. दुपारी कुठं पाणी गढूळ झालं, अन् मंग हळूहळू सुटली बाई. तशाच ओल्या हातानं पोट्टीले फोन लावला.

"काय करून राह्यली वं?"

"भांडे घासून राह्यली. काऊन, काय झालं?"

"काई नाई," म्हटलं. माहा जीव भांड्यात पडला.

असा तो तुहा मोठा कलाकार. त्याचं कौतुक पुरे कर, अन् औंदा भादवा लागाच्या आधी येजो. माह्यानं आता एकटीनं माती मळणं होत नाई. लवकर येजो बाई.