फ्रेमबाहेरचे शेजारी

कॅनडात, ओकव्हिलमध्ये आमच्या शेजारी एक ब्रिटिश आजोबा राहतात. आयुष्यभर टीव्हीचे कार्यक्रम केले, पण सगळे कॅमेऱ्यामागून. नेमकं काय करायचात, असं विचारलं की म्हणतात, "लोकांना कुठं उभं राहायचं ते सांगायचो."

अजूनही सांगतात. मी घरासमोरच्या ड्राइव्हवेवरचा बर्फ फावड्यानं काढायला लागलो की खिडकीतून हातानेच मला डावीकडे सरकवतात. मी सरकतो. बर्फ उजवीकडे असतो.

पुण्याहून आई आली, तेव्हा तिला मावशीला पाठवायला बर्फातला व्हिडिओ हवा होता. आजोबांनी तिला चार वेळा दारातून बाहेर यायला लावलं. दरवेळी स्टुडिओतल्यासारखं "फाइव्ह, फोर, थ्री" मोठ्यानं, पुढचे दोन आकडे नुसत्या बोटांनी, आणि मग बाकी कुणी हलायचं नाही. माझं कधी न ऐकणारी आई चारही वेळा मुकाट्यानं आत गेली. वर म्हणाली, "माणूस शिस्तीचा आहे हो."

परत जायच्या दिवशी तिला त्यांच्यासोबत फोटो हवा होता. पण ते दरवेळी फोन मागून घ्यायचे आणि स्वतःच फोटो काढायचे. बॅगा गाडीत गेल्या. शेवटी आई त्यांच्या शेजारी जाऊन उभी राहिली आणि तिनं हात वर केला. "फाइव्ह, फोर, थ्री." मग दोन बोटं, मग एक. आजोबा श्वास रोखून जागच्या जागी थिजले. मी फोटो काढला.

चष्मा लावून त्यांनी तो बराच वेळ पाहिला.

"छान आलाय," ते म्हणाले. "फक्त मध्ये मी आलोय. परत घ्या."